दुधाच्या दातांएवढी कारकीर्द

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

विनोदी कौटुंबिक चित्रपटांत गाजलेल्या एखाद्या चिमुरडीवर दर काही महिन्यांनी पुरवण्यांत लेख येतो. डावीकडे तिचा सहाव्या वर्षीचा फोटो, उजवीकडे तिशीतला, आणि वर मथळा : ‘ओळखलंत का हिला?’ सूरही ठरलेला. ती कुठेशी हरवली, प्रसिद्धीने तिला गिळले, नशिबाने पाठ फिरवली. बहुतेक वेळा यातले काहीच घडलेले नसते. पाच-सहा वर्षांचे काम होते, ते संपले, एवढेच. या कामाची मुदत पहिल्या दिवशीच ठरलेली असते. ती कशाने ठरते हे लेखात यावे आणि आज मुलीला ऑडिशनला घेऊन जाणाऱ्या आईबापांच्या कामी पडावे, म्हणून हे पत्र.

हॉलिवूडची बालकलाकार मारा विल्सन हिचेच उदाहरण घ्या. जन्म जुलै १९८७चा. ‘मिसेस डाउटफायर’ १९९३च्या अखेरीस पडद्यावर आला; चित्रीकरणाच्या वेळी ती पाच वर्षांची होती. १९९४मध्ये दुसरा चित्रपट, १९९६मध्ये ‘मटिल्डा’, १९९७मध्ये चौथा, आणि पाचवा आला २००० सालच्या जुलैत, ती तेरा वर्षांची झाली त्याच आठवड्यात. दूरचित्रवाणीवरची थोडी कामे सोडली तर खेळ एवढाच. पुढे ती शिकली, लिहू लागली, २०१६मध्ये आठवणींचे पुस्तक काढले. या हिशेबात शोकांतिका शोधायची तर ती १९९६ साली सापडते. ‘मटिल्डा’ प्रदर्शित होण्याआधी काही महिने तिची आई कर्करोगाने गेली. कारकीर्द आखूड असण्याशी त्याचा काही संबंध नाही. लेखांत मात्र दोन्ही गोष्टी एकाच परिच्छेदात कोंबलेल्या असतात.

आता मुदतीचे कारण. कौटुंबिक विनोदी चित्रपटात लहान मुलगी विनोद करत नाही. विनोद मोठी माणसे करतात. वेंधळा बाप, चक्रम शेजारी, खडूस मुख्याध्यापिका यांच्या गोतावळ्यात शहाणी तेवढी ती. मान वर करून, डोळेही न मिचकावता ती एखादे सरळ वाक्य टाकते आणि थिएटर हसते. हशा त्या वाक्याला नसतो. प्रौढ वाक्य आणि ते बोलणारा पावणेचार फुटी देह यांच्यातल्या तफावतीला तो असतो. ‘बाबा, तुम्ही पुन्हा खोटं बोलताय’ हे सहा वर्षांच्या मुलीने म्हटले की ती चुणचुणीत. नवव्या वर्षी तेच वाक्य आगाऊ वाटते, बाराव्या वर्षी उद्धट. अभिनय बिघडलेला नसतो, कदाचित सुधारलेलाच असतो, पण उंची वाढली की तफावत बुजते आणि तिच्याबरोबर हशाही जातो. लेखक मग तिच्यासाठी वेगळी वाक्ये लिहीत नाहीत, वेगळी मुलगी शोधतात. वाईट वाटले तरी यात कुणाचा दुष्टावा नाही. भूमिकाच तशी असते.

या कामाची खरी दिनदर्शिका दात आणि उंची लिहितात. वरचे पुढचे दुधाचे दात सहाव्या-सातव्या वर्षी पडतात आणि पक्के दात सातव्या-आठव्या वर्षी येतात. म्हणजे ज्या दोन वर्षांत मुलीला सर्वाधिक मागणी, त्याच दोन वर्षांत तोंडात खिडकी. चित्रपट क्रमाने चित्रित होत नाही. सोमवारी शेवटचा प्रसंग घेतला आणि गुरुवारी पहिला, आणि मध्ये दात पडला, तर पडद्यावर तो दात जातो आणि परत येतो. म्हणून दंतवैद्याकडून मापाची अ‍ॅक्रिलिकची काढघालीची पट्टी करून घेतात, तिला फ्लिपर म्हणतात. ती नवी असताना ‘स’ आणि ‘त’ घसरतात. चित्रीकरणाच्या आदल्या रात्री मुलीच्या हातात दिली तर दुसऱ्या दिवसाचा सगळा आवाज नंतर डब करावा लागतो. आठवडाभर आधी लावून घरात मोठ्याने वाचायची सवय केली तर निभते. खालून पक्का दात वर येऊ लागला की पट्टी डुगडुगते, मग पुन्हा माप. १९३०च्या दशकातली हॉलिवूडची बालतारका शर्ली टेम्पल हिलाही पडलेल्या दातांच्या जागी खोटे दात लावूनच कॅमेऱ्यासमोर उभे करत.

उंचीचे गणित याहून निर्दय. सहा ते दहा या वयात मूल वर्षाला साधारण पाच-सहा सेंटिमीटर वाढते, आणि मुलींची झपाट्याची वाढ दहाव्या-अकराव्या वर्षी सुरू होते. चित्रीकरण दोन-तीन महिने, मग संकलन, चाचणी-खेळ, आणि त्यानंतर ‘एक-दोन प्रसंग पुन्हा घेऊ’ असा निरोप. तोवर सहा महिने गेलेले. वेषभूषेवाले म्हणून फ्रॉकच्या काठात दोन इंच कापड दुमडून ठेवतात आणि तोच कपडा एक माप मोठा शिवून बाजूला टाकतात. समोरच्या नटाच्या कोपराशी येणारे डोके आता खांद्याकडे सरकलेले असते. मग त्याला पाटावर चढवा किंवा तिला खुर्चीत बसवा. चित्रपट चालला आणि पुढचा भाग ठरला, तर पटकथेपासून पडद्यापर्यंत दोन-तीन वर्षे लागतात. पहिल्या भागात सहाची असलेली मुलगी दुसऱ्यात नऊची होते. तिसऱ्याचा विषय कुणी काढत नाही. पाचव्या वर्षी सुरुवात, दहाव्या-अकराव्या वर्षी शेवट आणि एका चित्रपटाला तयारीसकट वर्षभर, अशा हिशेबाने सगळे अगदी मनासारखे घडले तरी हाती चार-पाच चित्रपट लागतात. मारा विल्सनचा आकडा याच हिशेबातला आहे. तिची घसरण वगैरे काही झाली नाही.

शर्ली टेम्पलच्या स्टुडिओने हे वास्तव कागदावर फसवू पाहिले. जन्म १९२८चा असताना १९२९ सांगितला, म्हणजे विकायला एक वर्ष जास्त. १९३५ ते १९३८ अशी सलग चार वर्षे अमेरिकेत तिकीटबारीवर पहिली असलेल्या त्या मुलीला आपण बारा नव्हे तेरा वर्षांच्या आहोत, हे वाढदिवसालाच कळले. कागद फसला, उंची फसली नाही. बाविसाव्या वर्षी तिने चित्रपट सोडले.

सेटवरचा दिवस कसा जातो हे न कळल्यामुळे लेखांत ‘दिवसरात्र राबवले’ असे सरसकट छापले जाते. राबवतात, नाकारत नाही. पण कायदा काय सांगतो आणि तो कुठे मोडतो, तेही लिहायला हवे. कॅलिफोर्नियात सहा ते नऊ वर्षांचे मूल कामाच्या जागी आठ तास थांबू शकते. त्यातले काम चार तास, अभ्यास तीन, विश्रांती नि खेळ एक. जेवणाची अर्धा तास सुट्टी निराळी. सहाच्या आतल्या मुलाला कामाचे तीनच तास, दोन वर्षांच्या आतल्याला दोन, आणि पंधरा दिवस ते सहा महिन्यांच्या तान्ह्याला दिवसभरात जेमतेम वीस मिनिटे. अभ्यासही वीस मिनिटांहून लहान तुकड्यात धरला जात नाही. सेटवर परवानाधारक शिक्षिका असते आणि मूल थकलेले दिसले तर चित्रीकरण थांबवायचा अधिकार तिला असतो, दिग्दर्शकाला कितीही घाई असो.

तान्ह्या भूमिकेला जुळी मुले घेतात, ती यामुळेच. १९८७पासून आठ वर्षे चाललेल्या ‘फुल हाउस’ या मालिकेत धाकट्या मिशेलचे काम ऑल्सन जुळ्या बहिणींनी आळीपाळीने केले. सुरुवातीला त्यांचे वय काही महिन्यांचे होते. एकीचे तास संपले किंवा ती रडू लागली की दुसरी. श्रेयनामावलीत बराच काळ दोघींची नावे एकाच मुलीचे नाव असावे अशी जोडून येत.

चार तास म्हणजे दिग्दर्शकाच्या हाती चार सलग तास नव्हेत, तुकडे. म्हणून क्रम उलटा लावतात. आधी मुलीचा क्लोजअप, मग दोघांचा एकत्र, आणि समोरच्या नटाचा क्लोजअप ती घरी गेल्यावर. तेव्हा तिच्या जागी ठेंगणी स्टँड-इन उभी राहते आणि संवाद सहायक वाचतो. क्लोजअप घेताना जरा बारकाईने पाहिले तर त्या चेहऱ्यावरचे आश्चर्य नटाकडे पाहून आलेले नसते. कॅमेऱ्याच्या भिंगाशेजारी रंगीत चिकटपट्टीचा तुकडा असतो, नजर तिथे. सहायक भिंगाखाली उकिडवा बसून एक वाक्य सांगतो, ती म्हणते. तो काहीतरी अनपेक्षित बोलतो, ती खुदकन हसते, आणि नेमके ते हसू संकलक उचलतो. पहिले दोन-तीन टेक ताजे असतात. चौथ्या-पाचव्यापासून मूल स्वतःचीच नक्कल करू लागते. वाक्याची चाल ठरून जाते, शेवटचा शब्द लांबतो. एकदा चाल बसली की ती मोडायला नवे वाक्यच द्यावे लागते. ‘मिसेस डाउटफायर’च्या वेळी दिग्दर्शक ख्रिस कोलंबस यांनी एकाच वेळी एकाहून अधिक कॅमेरे चालवले, कारण मुख्य नट रॉबिन विल्यम्स दर टेकला काही नवेच बोलत आणि समोरच्यांचा पहिला प्रतिसाद पुन्हा मिळणारा नव्हता.

आणि इथेच घरचे लोक काम बिघडवतात. आई किंवा बाबा आठवडाभर संवाद घोकून घेतात, हातवाऱ्यांसकट, ‘इथे कंबरेवर हात ठेव’ असे सांगून. सेटवर मुलगी वाक्य म्हणते आणि नजर भिंगाशेजारच्या पट्टीवर ठेवण्याऐवजी आईकडे वळवते, बरोबर आले का ते पाहायला. अशा मुलीला दुसरे काम मिळत नाही. शब्द पाठ असावेत, चाल पाठ नसावी. घरी वाचून घ्यायचे तर सपाट आवाजात, दर वेळी वेगवेगळ्या माणसाने समोरचे वाक्य म्हणावे. स्वैपाक करताना, जिना चढताना म्हणून घ्यावे, म्हणजे वाक्य अंगविक्षेपाला चिकटत नाही. ऑडिशनला नवा फ्रॉक, लिपस्टिक नको. निवडणाऱ्यांना पाठांतर बघायचे नसते. ‘तुला काय आवडतं?’ या प्रश्नावर मूल आईच्या तोंडाकडे न बघता बोलते का, हे ते बघतात. मारा विल्सनने १९९४च्या चित्रपटाच्या निवडीत सांगितले होते की आपला सांताक्लॉजवर विश्वास नाही, पण दात नेणाऱ्या परीवर आहे. भूमिका होती सांतावर विश्वास नसलेल्या मुलीची! असे उत्तर घोकून येत नाही.

शाळेचा प्रश्न लेखांत सहसा येतच नाही. ‘मिसेस डाउटफायर’मधली थोरली बहीण लिसा जेकब चौदा वर्षांची होती. चित्रीकरणासाठी ती महिनोन्‌महिने कॅनडाबाहेर राहिली, तेव्हा तिच्या शाळेने तिला काढून टाकले. रॉबिन विल्यम्स यांनी मुख्याध्यापकांना विनंतीचे पत्र लिहिले. शाळेने ते फ्रेम करून भिंतीवर लावले, पण मुलीला परत घेतले नाही. करार करण्याआधी शाळेकडून रजा लेखी घ्यावी आणि परीक्षेच्या तारखा निर्मात्याच्या वेळापत्रकात आधीच टाकून घ्याव्यात, हे यावरून कळावे. तोंडी ‘बघू’ला काही अर्थ नसतो.

आता पैसा, खरी हानी इथे होते. जॅकी कूगन १९२१च्या ‘द किड’मधला, चॅप्लिनबरोबरचा पोरगा. लहानपणी त्याने तीस-चाळीस लाख डॉलर मिळवले असा अंदाज आहे. सज्ञान झाल्यावर पैसा उरलाच नसल्याचे कळले, १९३८मध्ये त्याने आई आणि सावत्र वडिलांवर दावा लावला, आणि पदरात पडले सव्वा लाखाच्या आसपास. त्यावरून १९३९मध्ये कॅलिफोर्नियात कायदा झाला, पण तो न्यायालयात मंजूर करून घेतलेल्या करारांपुरताच, आणि बहुतेक करार न्यायालयात जातच नसत. शर्ली टेम्पलने बत्तीस लाख डॉलर मिळवले. मोठेपणी हिशेब पाहिला तेव्हा शिल्लक सुमारे ४४ हजार. ही भगदाडे बुजायला २००० साल उजाडले. तेव्हापासून प्रत्येक करारातले ढोबळ मिळकतीचे १५ टक्के निर्मात्याने थेट मुलाच्या बंद खात्यात भरायचे असतात, आईवडिलांच्या हातात न देता.

आपल्याकडेही नियम आहे, आणि ही टक्केवारी अमेरिकेहून जास्त आहे, हे फार थोड्या पालकांना ठाऊक असते. बालकामगार कायद्यात २०१६मध्ये दुरुस्ती झाली आणि २०१७च्या नियमांत बालकलाकारांची कलमे आली. चौदा वर्षे पूर्ण न झालेल्या मुलाकडून दिवसाला पाच तासांहून अधिक काम घेता येत नाही, आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून अधिक नाही. ओळीने सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम नाही. मुलाच्या मर्जीविरुद्ध काहीही नाही. निर्मात्याने ज्या जिल्ह्यात चित्रीकरण आहे तिथल्या जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची, ‘नमुना क’मध्ये हमीपत्र द्यायचे, ते सहा महिने चालते. दर पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमायची. आणि मुलाच्या मिळकतीचे किमान २० टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावावर मुदत ठेवीत थेट भरायचे.

नियम चांगला, गळती ‘थेट’ या शब्दापाशी. पैसे निर्मात्याकडून समन्वयकाकडे, म्हणजे काम मिळवून देणाऱ्या मध्यस्थाकडे जातात, समन्वयक आपले कापून पालकांच्या खात्यात टाकतो, आणि २० टक्के ‘नंतर भरू’ म्हणून राहून जातात. मुलाच्या नावावर खातेच नसेल तर निर्मात्याला आयतेच निमित्त मिळते. एका दिवसाच्या जाहिरातीत तर परवानगीचा कागद कुणी मागतही नाही. आणखी एक त्रुटी मला नियमातच दिसते : पाच तासांची मर्यादा तान्ह्याला आणि तेरा वर्षांच्या मुलीला सारखीच. कॅलिफोर्नियात वयानुसार पायऱ्या आहेत, तशा आपल्याकडे का नसाव्यात? दैनंदिन मालिकांत तान्ही बाळे सर्रास दिसतात, म्हणून विचारले.

पालकांनी करायचे ते असे. पहिल्या ऑडिशनला जाण्याआधी मुलीचे बँक खाते आणि पॅन कार्ड काढून ठेवावे. करारात वीस टक्क्यांचा आकडा, ठेव खात्याचा क्रमांक आणि भरण्याची तारीख लिहून घ्यावी. वीस टक्के कशाचे, समन्वयकाचा वाटा कापण्याआधीचे की नंतरचे, हेही तिथेच लिहून घ्यावे. ‘आधीचे’ असे स्पष्ट लिहून घ्यावे. कामाचे तास सेटवर पोचल्यापासून मोजायचे की कॅमेऱ्यासमोर उभे राहिल्यापासून, हे ठरवून घ्यावे. मेकअपला दीड तास गेला तर तो कुणाच्या हिशेबात, यावरूनच पहिले भांडण होते. रोज निघताना आत आल्याची आणि सुटल्याची वेळ वहीत टिपून निर्मिती विभागाच्या माणसाची सही घ्यावी.

कराची एक मेख आहे. अल्पवयीन मुलाची मिळकत साधारणपणे आईवडिलांच्या उत्पन्नात मिळवली जाते, पण मुलाने स्वतःच्या कला-कौशल्यातून मिळवलेला पैसा त्यातून वगळलेला आहे. तो मुलाच्याच नावे दाखवायचा, विवरणपत्रही मुलाच्या नावे, पालकाच्या सहीने. त्या पैशाच्या ठेवीवरचे व्याज मात्र पालकाच्या उत्पन्नात धरले जाते. निर्मात्याने करकपात वडिलांच्या पॅनवर केली की सगळा हिशेब तिरपा होतो आणि मुलीचे काम कागदोपत्री वडिलांचे ठरते.

काम थांबते त्या दिवसाबद्दलही मुलीला आधीच सांगावे. निरोप येत नाही, नकारही येत नाही. फोन यायचा थांबतो, एवढेच. ‘हे चाळीस दिवसांचे काम आहे, मग शाळा’ असे पहिल्याच दिवशी सांगितलेल्या मुलीला फोन न आल्याचे फारसे काही वाटत नाही. घरात ‘आमची हिरॉइन’ म्हणून मिरवलेल्या मुलीला मात्र आपल्या हातून काय चुकले, असा प्रश्न पडतो. तिचे काहीच चुकलेले नसते, पण सात-आठ वर्षांच्या मुलीला दात आणि उंचीचे गणित कोण समजावणार?

शेवटचे काम अठराव्या वर्षाचे. मुदत ठेव आपोआप हातात येत नाही. मुलगी सज्ञान झाली की बँक पालकाच्या सहीवरचे व्यवहार थांबवते. नवे ओळखपत्र, पत्त्याचा पुरावा, ताजा फोटो आणि नमुना सही द्यावी लागते. फोटो दहा वर्षांपूर्वीचा, पत्ता जुना आणि ठेव पावती हरवलेली असेल तर हे प्रकरण महिनोन्‌महिने रेंगाळते, म्हणून दर नूतनीकरणाला पावतीची प्रत मुलीच्या फाइलमध्ये घालावी. तिच्या कामाच्या आजवरच्या सगळ्या करारांवर सही पालकांचीच झालेली असते. त्या पैशासाठी तिची स्वतःची सही पहिल्यांदा मागितली जाते ती बँकेच्या या अर्जावर.

आपला,
एक वाचक